लेणी बघायला निघताना: सोलापूरकरांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सोलापूरहून लेणी बघायला निघालेला माणूस सहसा थेट वेरूळ-अजिंठ्याचा रस्ता धरतो. धाराशिव आणि तेर वाटेला असूनही मागे राहतात, आणि वेरूळला पोचल्यावर मूर्तींचे फोटो काढण्यातच दिवस संपतो. दगड, हत्यार, पाणी आणि पैसा या चार गोष्टी उमगल्या की तेच लेणं वेगळं दिसायला लागतं. म्हणून खालच्या उत्तरांत मूर्तींपेक्षा या चौघांबद्दलच जास्त लिहिलं आहे.

लेणं आणि देऊळ यांत नेमका फरक काय? हत्तरसंग-कुडलच्या हरिहरेश्वर मंदिराला लेणं म्हणायचं का?

नाही. कुडलचं मंदिर बांधीव आहे. खाणीतला दगड घडवायचा आणि एकावर एक रचायचा, ही त्याची रीत. भिंतीजवळ उभं राहून दोन दगडांमधला सांधा शोधा. सांधा सापडला की ते बांधकाम. लेण्यात भिंत, खांब, छत, मूर्ती सगळं एकाच कातळाचं असतं. तिथे सांध्यासारखी रेघ दिसलीच तर ती दगडातली नैसर्गिक भेग असते किंवा नंतरची डागडुजी.

दुसरा फरक कामाच्या दिशेचा. बांधकाम जोत्यापासून वर चढतं, कळस शेवटी बसतो. लेणं वरून खाली उतरतं. बांधताना चुकलेला दगड काढून दुसरा लावता येतो. लेण्यात एक मोठा टवका जास्त उडाला तर तो परत येत नाही. मग आराखडा बदला, नाही तर तेवढ्या जागी दगडाचा तुकडा बसवून गिलाव्याखाली झाका, एवढेच दोन मार्ग उरतात.

कोरायला सुरुवात कुठून करत? आधी दार, मग आत, असं?

आधी कड्याचा दर्शनी भाग उभा तासून सपाट करायचा. त्याशिवाय आतला दगड कसा आहे, भेगा कुठून कुठे जातात, हे कळत नाही. मग आत शिरायचं ते छताच्या पातळीवरून. छताखाली माणूस उभा किंवा ओणवा राहून काम करू शकेल एवढ्या उंचीचा बोळ आत न्यायचा, त्याला समांतर दुसरा, तिसरा. दोन बोळांमध्ये दगडाचे बांध उरतात. ते नंतर फोडून काढायचे. असं करत पूर्ण छत मोकळं झालं की ते लगेच शेवटपर्यंत तासून घ्यायचं. त्या वेळी पायाखाली न खोदलेला कातळच असतो, त्यामुळे परांची किंवा शिडी काही लागत नाही. एकदा खाली उतरलं की छत हाताबाहेर गेलं.

मग थराथराने खाली. जिथे खांब हवेत तिथे चौकोनी ठोकळे सोडून द्यायचे. खांबांचं नक्षीकाम मागाहून, पण त्याची जाडी मात्र पहिल्या दिवशी ठरलेली असावी लागते. मूर्तीचंही तेच. भिंतीतून पुढे आलेला हात हवा असेल तर भिंत तासताना तेवढा दगड राखून ठेवलाच पाहिजे. मागून जोडायची सोय नाही. लेण्याचा आराखडा करणाऱ्याचं खरं कसब इथे आहे: काय काढायचं त्यापेक्षा काय ठेवायचं हे आधी दिसलं पाहिजे.

चैत्यगृहात, म्हणजे स्तूप असलेल्या प्रार्थनेच्या लेण्यात, वरचं मोठं गवाक्ष प्रकाशासाठी आहेच, शिवाय कमानदार छताचं काम करायला आणि दगडाचा चुरा बाहेर टाकायला ती जागा सोयीची पडते.

हत्यारं साधी: लोखंडी टोकदार छिन्नी, सपाट छिन्नी, हातोडा, घण. टोकदार छिन्नीने तिरके, समांतर चरे पाडत जायचं आणि मधल्या धारा उडवायच्या. अपुऱ्या भिंतींवर हे चरे आजही बोटाने मोजता येतात. लाकडी पाचर भिजवून दगड फोडत असत, असं अनेक ठिकाणी सांगितलं जातं. ती रीत सुटा दगड काढायच्या खाणीत शोभते. लेण्यात उरलेली भिंत धड राहायला हवी, आणि पाचरेने गेलेली चीर कुठे थांबेल याचा भरवसा नसतो.

अपुरी लेणी बघण्यात काही अर्थ आहे का? वाटाडे तिथून पुढे नेतात.

वेळ कमी असेल तर एखादं पुरं लेणं सोडा, पण अपुरं सोडू नका. अजिंठ्याचं २४ क्रमांकाचं लेणं बघा. फार मोठा विहार, म्हणजे भिक्खूंच्या मुक्कामाचं लेणं, काढायचा बेत होता. ओसरीच्या भागात नक्षीपर्यंत पोचलेलं काम आणि आत गेल्यावर ओबडधोबड कातळ, न फोडलेले उंचवटे, अर्धवट सुटलेले खांबांचे ठोकळे. वर सांगितलेली सगळी पद्धत एका नजरेत कळते. २९ क्रमांकाचं लेणं वर, २० आणि २१ यांच्या दरम्यान आहे. चैत्यगृह म्हणून धरलेलं काम अगदी सुरुवातीलाच थांबलं.

एकाच लेण्यात एक खांब पुरा, शेजारचा अर्धा, तिसरा नुसता ठोकळा असं दिसलं की आणखी एक गोष्ट ध्यानात येते: एक टोळी खोदत पुढे जात होती आणि मागून नक्षीवाले येत होते. सगळं खोदून झाल्यावर नक्षी, असा क्रम नव्हता.

छत खांबांवरच उभं असतं ना? मग तुटलेले खांब दिसतात तिथे छत कसं राहिलं?

छत डोंगराचाच भाग आहे, ते भिंतींना सगळीकडून जोडलेलं आहे. दगड सलग असेल तर खांब गेले तरी छत राहतं. अजिंठ्यात आणि घारापुरीत असे कितीतरी खांब पडले किंवा फोडले गेले होते. आज दिसणारे काही खांब विसाव्या शतकात नव्याने उभे केलेले आहेत. पृष्ठभाग जरा जास्तच गुळगुळीत आणि रंग एकसारखा असेल तर तो खांब नवा समजा.

याचा अर्थ खांब निव्वळ शोभेचे असाही नाही. छतात आडवी भेग असेल तर तिच्या खालचा थर लटकता राहतो. तिथे खांबाचा आधार खराच कामाला येतो.

आपल्याकडचा काळा दगड आणि वेरूळचा दगड एकच का? लेणं कुठल्या दगडात जमतं आणि कुठे फसतं?

सोलापूरच्या विहिरी खणताना लागतो तो काळा पाषाण आणि वेरूळ-अजिंठ्याचा कातळ एकाच कुळीचा, म्हणजे बेसॉल्ट. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी लाव्ह्याचे लोट एकावर एक पसरले आणि दख्खनचं पठार झालं. पण सगळा बेसॉल्ट सारखा नसतो, आणि लेण्याचं नशीब इथेच ठरतं.

लोटाचा घट्ट भाग कोरायला जड, पण धार धरून ठेवतो. नक्षी त्यातच चांगली येते. वरच्या भागात वायूचे बुडबुडे अडकून छिद्रं राहिलेली असतात आणि त्यांत पुढे पांढरी, हिरवट खनिजं भरतात. हा दगड फोडायला सोपा, पण चेहरा कोरायला घेतला तर नाकाच्या शेंड्यावर नेमकं छिद्र येतं. अशा ठिकाणी गिलाव्याने सफाई करावी लागते. दोन लोटांच्या मध्ये कधीकधी लाल मातकट पट्टा असतो. तो सगळ्यांत घातकी. पाण्याने फुगतो, वाळला की भुसभुशीत होतो आणि वरचा थर निराधार करतो. लेण्यात कमरेच्या किंवा छताच्या उंचीला आडवा तांबूस पट्टा दिसला तर त्याच्या आसपासची पडझड जरूर बघा. कारण बहुतेक वेळा तिथेच सापडतं.

भेगांचं दुखणं वेगळं. कड्याचा पृष्ठभाग बघून आतली भेग पूर्ण कळत नाही. अजिंठ्यातल्या सर्वांत मोठ्या विहारात, म्हणजे ४ क्रमांकात, काम चालू असताना छताचा थर सुटून पडला आणि छत आणखी वर चढवून पुन्हा तासावं लागलं. आत शिरल्यावर मान वर करून छताची उंची बघा.

बेसॉल्टखेरीज दुसरा दगड बघायचा असेल तर सोलापूरकरांना दोन ठिकाणं जवळ आहेत. लातूर जिल्ह्यात औसा तालुक्यातली खरोसा लेणी जांभ्यासारख्या सच्छिद्र दगडात आहेत; खोदायला तो नरम, पण बारीक काम टिकत नाही, म्हणून मूर्तींचे नाकडोळे पुसट झालेत. याउलट बदामीचा तांबडा वालुकाश्म. त्यात थर स्पष्ट दिसतात, बुडबुडे नाहीत, आणि बारीक दागिनेसुद्धा स्वच्छ उतरतात. बदामीच्या ३ क्रमांकाच्या लेण्यात मंगलेशाचा शके ५०० चा, म्हणजे इ.स. ५७८ चा लेख आहे. तिथली खांबांच्या माथ्याजवळच्या कंसांवरची, म्हणजे तिरक्या आधारांवरची, युगुलशिल्पं जवळून बघा आणि मग खरोशाचे चेहरे आठवा. हाताचा फरक असेलही, पण दगडाचा फरक त्याहून मोठा आहे.

चैत्यगृह आणि विहार कसे ओळखायचे?

आत स्तूप, लांबट दालन, मागचा शेवट अर्धगोल, दोन्ही बाजूंनी खांबांची रांग आणि तिच्यामागून प्रदक्षिणेची वाट: हे चैत्यगृह. मध्ये चौक, तीन बाजूंना खोल्या, खोल्यांत दगडी ओटे: हा विहार, भिक्खूंच्या पावसाळी मुक्कामाचा. पाचव्या शतकापासून विहाराच्या मागच्या भिंतीत बुद्धमूर्तीचं गर्भगृह येतं आणि विहारच देवालयासारखा होतो. अजिंठ्यात ९, १०, १९, २६ आणि अपुरं २९ ही चैत्यगृहं, बाकीचे विहार. वेरूळला बौद्ध चैत्यगृह एकच, १० क्रमांकाचं; त्याला सुतार झोपडी म्हणतात.

जुन्नरला तुळजा लेण्यात मात्र गोल चैत्यगृह आहे. मध्ये स्तूप आणि भोवती १२ खांबांचं कडं.

दगडाच्या छतात लाकडासारखे वासे कशाला कोरले? त्यांचा उपयोग काय?

भार पेलायला उपयोग शून्य. सुतारांनी बांधलेल्या लाकडी सभागृहांचं रूप लोकांच्या डोळ्यांत बसलेलं होतं, पूजास्थान म्हटलं की तेच दिसायला हवं होतं. म्हणून पाथरवटाने वासे, तुळया, खुंट्या, सज्ज्याची कठडी, सगळं दगडात उतरवलं. भाजे लेण्याचे खांब आत कललेले आहेत. लाकडी घरात छताचा रेटा बाहेर जातो, तो सावरायला खांब आत कलते ठेवावे लागतात. दगडात असा रेटा नाही, तरी कल राखला. भाजे आणि कार्ले इथे तर छताला खरे लाकडी वासे बसवलेले आहेत आणि सागाचं ते जुनं लाकूड अजून जागेवर आहे. कार्ल्याला स्तूपावरचं छत्रही लाकडाचंच.

पुढे लाकूड बांधकामातून मागे पडलं आणि दगडातली नक्कलही हळूहळू सैल झाली. वेरूळच्या सुतार झोपडीत वासे आहेत, पण ते आता परंपरेचा मान म्हणून.

मग ही मूळ इमारत दिसायची कशी? लाकूड टिकलं नाही, पण तिचं विटांचं भावंड तेरला उभं आहे. तेर म्हणजे प्राचीन तगर, ग्रीक दर्यावर्दींच्या 'पेरिप्लस' मध्ये नाव असलेली बाजारपेठ. तिथल्या त्रिविक्रम मंदिराचा मागचा भाग बाहेरून फिरून बघा: विटांचा, मागे अर्धगोल, वर हत्तीच्या पाठीसारखं छप्पर. मुळात हे चैत्यगृह असावं आणि पुढे विष्णूचं देऊळ झालं, असं अभ्यासक मानतात. कार्ल्याला आपण चैत्यगृह फक्त आतून बघतो, कारण बाहेर डोंगर आहे. त्याचं बाहेरचं अंग कसं असेल, हे तेरला कळतं. आमच्या मते सोलापूरकराने लेण्यांचा अभ्यास तेरपासूनच सुरू करावा. गावातल्या रामलिंगप्पा लामतुरे संग्रहालयात सातवाहनकाळातल्या वस्तू आहेत, त्याही त्याच फेरीत होतात.

एवढा पैसा कोणी घातला? राजांनी?

काही ठिकाणी राजांनी, पण सुरुवातीच्या लेण्यांत देणगीदारांची यादी मोठी गमतीची आहे: व्यापारी, सुतार, सोनार, गंधी, भिक्खू, भिक्खुणी, परदेशी यवन. एकेक खांब, एकेक खोली, एखादं टाकं, अशा वाट्याने दान. कार्ल्याचं चैत्यगृह वैजयंतीच्या, म्हणजे बनवासीच्या भूतपाल श्रेष्ठीने पूर्ण केल्याचा लेख दर्शनी भागात आहे, आणि जंबुद्वीपात हे सर्वोत्तम असल्याचंही त्यात म्हटलं आहे. दार करणाऱ्या सामि नावाच्या सुताराचा लेखही तिथेच सापडतो. जुन्नरला धान्याच्या व्यापाऱ्यांच्या श्रेणीने, म्हणजे संघटनेने, सात खोल्यांचं लेणं आणि पाण्याची पोढी (टाकं) दिली.

विणकरांच्या गावाला जवळचा वाटेल असा लेख नाशिकला, पांडवलेण्यांच्या १० क्रमांकाच्या लेण्यात आहे. क्षत्रप राजा नहपान याचा जावई उषवदात याने लेणं दान केलं आणि तिथल्या भिक्खूंच्या खर्चासाठी ३००० कार्षापण (त्या काळची नाणी) गोवर्धनच्या विणकरांच्या दोन श्रेणींकडे ठेव म्हणून ठेवले. एकीकडे २००० दरमहा शेकडा १ या दराने, दुसरीकडे १००० दरमहा शेकडा पाऊण दराने. मुद्दल परत मागायचं नाही, फक्त व्याज घ्यायचं. आता हिशेब करून बघा. २००० वर वर्षाचं व्याज २४०. लेखात म्हटलं आहे की वर्षावासाला, म्हणजे पावसाळी मुक्कामाला, राहणाऱ्या २० भिक्खूंना चीवरासाठी (वस्त्रासाठी) प्रत्येकी १२ द्यावेत. २० गुणिले १२, बरोबर २४०. दुसऱ्या ठेवीचे ९० किरकोळ खर्चाला. जवळपास १९०० वर्षांपूर्वी मागवाल्यांच्या संघटनेची पत एवढी होती की राजाच्या जावयाने कायमची ठेव त्यांच्याकडे सोपवली, आणि ते सगळं दगडावर कोरून ठेवलं.

लेण्याचा काळ कसा ठरवतात?

लेखात राजाचं नाव किंवा वर्ष असेल तर प्रश्न सुटतो. नसेल तर ब्राह्मी अक्षरांचं वळण, स्तूपाचा आकार, खांबाची घडण आणि मूर्ती यांचा मेळ घालतात. ढोबळ हिशेब असा: इ.स.पूर्व दुसऱ्या शतकापासून इसवी सनाच्या तिसऱ्या शतकापर्यंत पहिला टप्पा (भाजे, कार्ले, नाशिक, जुन्नर, अजिंठ्याचं ९ आणि १०), पाचव्या-सहाव्या शतकात दुसरा (अजिंठ्याची बाकीची बहुतेक लेणी, घारापुरी), नंतर वेरूळ. लेण्यांच्या क्रमांकांवर मात्र जाऊ नका. ते वाटेच्या क्रमाने दिलेले आहेत. अजिंठ्याचं सर्वांत जुनं लेणं १ नाही, १० आहे.

धाराशिव लेणी बौद्ध की जैन?

यावर अभ्यासकांचे दोन पक्ष आहेत. २ क्रमांकाच्या मोठ्या लेण्याचा आराखडा, म्हणजे सुमारे ८० फूट लांबी-रुंदीचं दालन, भोवती खोल्या आणि मागे गर्भगृह, हा अजिंठ्याच्या वाकाटक राजांच्या काळातल्या विहारांच्या वळणाचा आहे. त्यावरून ती मुळात बौद्ध आणि नंतर जैनांकडे आली, असं एक मत. दुसऱ्या मताने ती जैनच. मुनी कनकामर यांच्या 'करकंडचरिउ' या अपभ्रंश भाषेतल्या काव्यात तेरापूरजवळच्या जैन लेण्यांची कथा आहे, तिचा संबंध इथे जोडला जातो. मत बनवण्याआधी गर्भगृहातली मूर्ती आणि दालनाची रचना वेगवेगळी तपासा. एक जागा दोन परंपरांनी वापरली असेल तर खुणा दोन थरांत मिळतात.

कैलास लेणं किती वर्षांत झालं? किती दगड काढला? छिन्नी-हातोड्याने हे शक्य आहे का?

वेरूळचं १६ क्रमांकाचं हे लेणं राष्ट्रकूट राजा कृष्ण पहिला याच्या काळातलं, म्हणजे आठव्या शतकाच्या उत्तरार्धातलं. कर्क राजाच्या बडोदा ताम्रपटात या मंदिराचं आणि ते बघून थक्क झालेल्या देवांचं वर्णन आहे. मुख्य मंदिर कृष्णाच्या कारकिर्दीतलं असलं तरी आवाराच्या भिंतींतली काही दालनं आधीची किंवा नंतरची आहेत. त्यामुळे सगळ्या आवाराला वर्षांचा एकच आकडा लावण्यात अर्थ नाही.

दगडाचा हिशेब घरी करता येतो. आवार साधारण ८४ मीटर लांब, ४७ मीटर रुंद आणि मागची भिंत सुमारे ३३ मीटर उंच. पूर्ण पेटीचं घनफळ धरलं तर १ लाख ३० हजार घनमीटर. बेसॉल्ट घनमीटरला २.९ टन धरला की पावणेचार लाख टनांच्या वर जातं. लोकांच्या तोंडी असलेला ४ लाख टनांचा आकडा या पेटीच्या हिशेबाशी जुळतो. पण डोंगर उतरता आहे, पुढची बाजू मागच्यासारखी उंच नाही, आणि मधलं मंदिर तर काढलेलंच नाही. उतार धरला तर निम्मं, म्हणजे १ लाख ९० हजार टनांच्या आसपास, आणि त्यातून मंदिर वजा. म्हणून २ लाखांच्या जवळपासचा आकडा जास्त पटतो.

शक्य आहे का? माणसं दाटीवाटीने कामाला लावता येतात, हा वरून खोदण्याचा फायदा आहे. विहारात शिरल्यावर कामाचं तोंड अरुंद असतं. इथे उघड्या आभाळाखाली तीन बाजूंनी खंदक खणत सगळ्या पातळ्यांवर माणसं उभी करता येतात. छिन्नीचे चरे भिंतींवर आहेत, शेजारी अर्धवट सोडलेली लेणी आहेत, आणि त्याआधी हजार वर्षं याच दगडात काम करून हात बसलेले होते. यंत्र किंवा परग्रहावरच्या लोकांची गोष्ट सांगणारे या पाथरवटांचं श्रेय काढून घेतात. ते आम्हाला मान्य नाही.

अजिंठ्याची चित्रं ओल्या चुन्यावर काढली आहेत का? ती गळून का पडली?

ओल्या चुन्यावरची नाहीत. टोकदार छिन्नीने खडबडीत ठेवलेल्या भिंतीवर मातीचा गिलावा: आधी जाडसर थर, त्यात भाताचं तूस आणि वनस्पतींचे तंतू, मग बारीक थर, वरून पांढरा पातळ हात. तो वाळल्यावर गेरूने रेखाटन आणि डिंक किंवा सरसासारख्या चिकट द्रव्यात कालवलेले रंग. लाल-पिवळा गेरूमातीचा, काळा काजळीचा, हिरवा हिरव्या मातीचा. निळा मात्र राजावर्त खड्याचा, जो अफगाणिस्तानातून येत असे.

गिलावा दगडाला चिकटून राहतो तो फक्त खडबडीतपणाच्या जोरावर. भेगेतून पाणी मागे झिरपलं की पकड सुटते, फुगा येतो आणि एक दिवस पापुद्रा पडतो. गिलाव्यातलं सेंद्रिय द्रव्य किडे खातात. वेरूळच्या गिलाव्यात भांगेच्या झाडाचे तंतू सापडले आहेत आणि त्यामुळे तिथे कीड कमी लागली असावी, असं संशोधकांचं म्हणणं आहे. माणसांनी भर घातली ती व्हार्निशची. चित्रं उठावदार दिसावीत म्हणून चढवलेला हा लेप पुढे पिवळा-तपकिरी पडला. निजाम सरकारने १९२० च्या सुमारास इटलीहून तज्ज्ञ आणून सुटणारे पापुद्रे बसवून घेतले, म्हणून आज एवढं तरी शिल्लक आहे.

उन्हाळ्यात तिथे पाणी कुठून येत असे?

कड्याच्या माथ्यावर आणि दर्शनी भागावर चर खोदून पावसाचं पाणी पोढीत, म्हणजे कातळातल्या टाक्यात सोडत. टाक्याचं तोंड लहान, पोट आत लांबवर पसरलेलं, बाष्पीभवन कमी. कान्हेरीत जवळजवळ प्रत्येक लेण्याला अशी सोय आहे. हेच चर दर्शनी भागावर ओघळणारं पाणीही वळवतात, त्यामुळे चर बुजला की खालची नक्षी सडते.

सोलापूरहून कुठे, कसं आणि कुठल्या क्रमाने जावं?

एका दिवसात: तुळजापूरमार्गे धाराशिव साधारण ७० किलोमीटर, लेणी शहरापासून ८ किलोमीटरवर बालाघाटच्या रांगेत. सकाळी आधी तेर, दुपारनंतर लेणी. संग्रहालयाचा सुटीचा वार आधी विचारून घ्या. शाळेच्या सहलीसाठी हीच फेरी सर्वांत चांगली.

दोन-तीन दिवस असतील तर त्याच महामार्गाने बीडवरून छत्रपती संभाजीनगर. वेरूळ तिथून ३० किलोमीटर, अजिंठा १०० च्या आसपास. अजिंठा सोमवारी बंद, वेरूळ मंगळवारी. रविवार वेरूळ आणि सोमवार अजिंठा असा बेत दरवर्षी अनेकांचा फसतो. अजिंठ्याला आपली गाडी फर्दापूर फाट्यावर लावून पुढचे ४ किलोमीटर तिथल्या बसने जावं लागतं.

रेल्वेने: मुंबईच्या गाडीने लोणावळा, तिथून लोकलने मळवली, म्हणजे भाजे चालत आणि कार्ले रिक्षाने. दुसऱ्या दिशेला होटगी-विजयपूर-बागलकोट मार्गावर बदामी स्थानक आहे, गाव तिथून ५ किलोमीटर.

ऑक्टोबर ते फेब्रुवारी उत्तम. एप्रिल-मेमध्ये काळा कातळ तापून संध्याकाळपर्यंत धगधगतो. पावसाळ्यात शेवाळावर पाय घसरतो. वेरूळ, कार्ले, भाजे पश्चिमाभिमुख आहेत. दुपारनंतर ऊन आत शिरतं आणि नक्षी उठून दिसते.

बरोबर काय न्यावं आणि काय टाळावं?

पाणी, टोपी, न घसरणारे बूट, वही. न रंगवलेल्या लेण्यात टॉर्च भिंतीसमोर धरू नका, भिंतीला जवळजवळ समांतर धरा. छिन्नीचे चरे आणि झिजलेली अक्षरं सावलीमुळे वर येतात. अजिंठ्याच्या चित्रांवर फ्लॅश किंवा स्वतःचा दिवा नको. दारातून आत आल्यावर पाच मिनिटं नुसतं उभं राहा, डोळे सरावले की रंग दिसायला लागतात.

चित्राला, मूर्तीला हात लावू नका; घाम आणि तेल गिलाव्यात मुरतं. लेखांवर खडू, हळद, तेल फासून अक्षरं उठवण्याचा खेळ कायमचं नुकसान करतो. संरक्षित स्मारकावर नाव कोरलं तर १९५८ च्या कायद्यानुसार दोन वर्षांपर्यंत कैद किंवा १ लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतं. शेंगाचटणी-भाकरीची शिदोरी जरूर न्या, पण लेण्याच्या आत सोडू नका. सांडलेल्या अन्नावर माकडं आणि मुंग्या येतात.

आग्या मोहोळाकडे लक्ष ठेवा. दर्शनी कमानीला ती लटकलेली असतात. धूर, उग्र अत्तर, आरडाओरडा आणि दगड मारणं यांनी माश्या उठतात. उठल्याच तर हात न झटकता तोंड-मान कपड्याने झाकून तिथून लांब जा, दरीच्या कडेला पळू नका.

एका लेण्याला किती वेळ द्यावा, आणि बघण्याचा क्रम काय?

अर्धा तास. पहिली दहा मिनिटं बाहेर: कडा, थर, वरचे चर, लाल पट्टा आहे का, दर्शनी भागात लाकडी जोडणीची भोकं दिसतात का. मग आत आल्यावर सरळ मूर्तीकडे न जाता छत बघा, कारण सर्वांत आधीचं काम ते. छताकडून खांबांच्या माथ्याकडे, तिथून खाली जमिनीकडे या. जमिनीलगतचे कोपरे तपासा. घाई झाली किंवा पैसा संपला तर काम तिथेच उरतं. खोल्यांत डोकावून ओटे आणि दाराच्या चौकटीची भोकं बघा, म्हणजे दारं कुठल्या बाजूला फिरत होती ते कळेल. लेख असेल तर तो कुणाचं दान सांगतो ते फलकावर वाचा. मूर्ती शेवटी, आणि त्यांच्यासमोर मात्र उरलेला सगळा वेळ.